चार सेकंदांचा पहारा

हेद्यूल वसाहतीत तीन इमारती, तीनशे बारा घरं, चार कॅमेरे आणि एक पहारेकरी होता. यांपैकी पहिल्या तीन बाबी अजून जागच्या जागी आहेत. चौथ्या बाबीविषयी गैरसमज पसरू नयेत म्हणून रहिवासी प्रतिनिधी मंडळाचा सचिव या नात्याने मी, बान, राहणार घर क्रमांक ११०४, हे निवेदन करत आहे. मी विमा कंपनीत नोकरीला आहे. त्यामुळे जबाबदारी नेमकी कुठे संपते, हे मला इतरांपेक्षा थोडं लवकर कळतं.

पहारेकऱ्याचं नाव मेंग दोक-सू, वय एकसष्ट. फाटकाजवळ दीड माणूस मावेल एवढी केबिन, तीत विजेची शेगडी, जवाच्या चहाची किटली आणि चार चौकोनांत चार कॅमेऱ्यांची चित्रं दाखवणारा काळा-पांढरा टीव्ही. टीव्हीखाली व्हिडिओ टेपचा रेकॉर्डर होता आणि त्याच्या सात कॅसेटी, वारांप्रमाणे. सोमवारच्या कॅसेटवर दर सोमवारी नवं चित्र भरायचं, असं सहा वर्षं चाललं होतं. मेंगकाका टीव्हीकडे कधीमधी बघत. खरं बघणं खिडकीतून. कोण कोणाकडे आलंय हे ते चालीवरून सांगत, आणि कोण कोणाकडे यायचं बंद झालंय हे माहीत असूनही सांगत नसत.

त्यांचा करार दर एकतीस डिसेंबरला संपायचा आणि दर वर्षी पुन्हा व्हायचा. साठी उलटलेल्या माणसाला दुसरं कोणी दारात उभं करत नाही, हे त्यांना ठाऊक होतं आणि आम्हालाही. या सामायिक ज्ञानावर आमचे संबंध फार सलोख्याचे होते.

मग २००१ च्या नोव्हेंबरात, हिवाळ्याची किमची, म्हणजे कोबीचं लोणचं, घालायच्या दिवसांत, सहा कोबी हरवले.

कोबी होते ७०१ मधल्या यूनाच्या आईचे. त्या महिला मंडळाच्या अध्यक्षा. एकशेवीस गड्डे पहिल्या इमारतीच्या दाराशी उतरवले होते, वर नेल्यावर एकशेचौदा भरले.

"मेंगकाका, इथून सहा गड्डे गेले."

"ताई, इथून कोणी गड्डा उचललेला मी तरी पाहिला नाही."

"तुम्ही पाहिलं नाही म्हणून गेलेली वस्तू परत येते का? टेप लावा."

गुरुवारची टेप लावली. इतकी वर्षं घासून तिच्यावर नुसता पांढरा पाऊस उरला होता. त्या पावसात दोन व्यक्ती उभ्या असल्यासारखं वाटत होतं. त्यांतली एक टेपवरचा ओरखडा निघाली आणि दुसरीबद्दल महिला मंडळात दोन तट पडले.

अध्यक्ष प्योसाहेबांनी तातडीची सभा बोलावली. प्योसाहेब शहराच्या पाणीपुरवठा खात्यातून निवृत्त झालेत आणि कुठे काही गळतंय असं कानावर आलं की त्यांचे हात शिवशिवतात. सभेला ते एका कंपनीच्या गिल नावाच्या विक्री अधिकाऱ्याला घेऊन आले. गिलने टेबलावर जेवणाच्या डब्याएवढी एक राखाडी पेटी ठेवली. तिच्या पाठीमागे चार गोल भोकं आणि पुढे एक चौकोनी.

"हा व्हिडिओ सर्व्हर," तो म्हणाला. "कॅमेरे बदलायचे नाहीत, तारा उपटायच्या नाहीत. जुन्या तारा मागे खोचायच्या, पुढून इंटरनेट जोडायचं. टेप नको, टीव्ही नको. प्रत्येकाने आपापल्या घरी कॉम्प्युटरवर फाटक बघायचं."

इंटरनेट तर आमच्याकडे घरोघरी होतंच. आमच्या आजीबाईसुद्धा पत्ते आता तिथेच कुटतात.

"म्हणजे एकाच्या जागी तीनशे बारा पहारेकरी झाले की," अध्यक्ष म्हणाले.

"आणि तीनशे अकरा फुकटात," गिल म्हणाला.

ठराव एकमताने मंजूर झाला. मेंगकाका दाराशी उभे होते. त्यांनी हात वर केला तेव्हा तो अनुमोदन म्हणून मोजला गेला. खरं तर त्यांना प्रश्न विचारायचा होता.

"साहेब, टीव्ही काढल्यावर मी कुठं बघू?"

"तुम्ही कशाला बघताय आता? बघायला एवढी माणसं आहेत."

तरी माणुसकी म्हणून मी केबिनसाठी इंटरनेटचा अर्ज भरला. अर्जात घर क्रमांक आणि कुटुंबप्रमुखाचं नाव या दोन रकाने सक्तीचे होते. केबिनला क्रमांक नव्हता आणि मेंगकाका तिचे कुटुंबप्रमुख आहेत असं लिहायला अध्यक्षांची हरकत होती, उद्या हक्क सांगितला तर काय घ्या. अर्ज परत आला. अशा रीतीने फाटकाचं चित्र फाटक सोडून सगळीकडे दिसू लागलं.

पेटी बसल्यावर बारा दिवसांनी सहा गड्डे यूनाच्या आईच्याच सज्जात, कपडे धुण्याच्या यंत्रामागे सापडले. त्यांनी ते मला लिफ्टमध्ये हळू आवाजात सांगितलं. मी इतिवृत्तात नोंद केली: 'नवी यंत्रणा कार्यान्वित होताच मालाचा छडा लागला.' यात खोटा एकही शब्द नाही.

आता यंत्रणेविषयी. पेटीतून चित्र यायचं ते हलतं नव्हे, दर चार सेकंदांनी एक. कोपऱ्यात तारीख आणि घड्याळ. एका वेळी वीस घरांनाच बघता यायचं, एकविसाव्याला 'कृपया प्रतीक्षा करा' अशी पाटी. पहिल्या आठवड्यात तर संध्याकाळी साडेसातला जागा धरायला लोक सव्वासातपासून बसू लागले. लिफ्टचं चित्र थोडे दिवस चाललं, पण लिफ्टमध्ये लोक केस सारखे करण्यापलीकडे काही करत नाहीत. कचऱ्याच्या कोपऱ्याला मर्यादित प्रेक्षक होता. सर्वांत लोकप्रिय ठरलं फाटक, कारण तिथे एक माणूस सदैव होता आणि त्याला आपण पगार देतो ही भावना होती.

पहिली तक्रार खुद्द अध्यक्षांची. त्यांनी मेंगकाकांना बोलावून कागद पुढे केला.

"दोन वाजून दहा मिनिटं चार सेकंदांनी तुम्ही केबिनमध्ये. आठव्या सेकंदाला केबिन रिकामी, तुम्ही जिंकगोच्या झाडाखाली. मधल्या चार सेकंदांत तुम्ही होता कुठे?"

"चालत होतो, साहेब."

"चित्रात तुम्ही चालताना दिसत नाही."

"चित्रात कोणीच चालताना दिसत नाही."

"इतरांची नोकरी त्यावर नाही, मेंगकाका."

परिपत्रक क्रमांक सात निघालं. पहारेकऱ्याने जागा सोडण्यापूर्वी चित्र निघेपर्यंत स्थिर राहावं, मग एक हालचाल करावी, आणि पुढचं चित्र निघेपर्यंत पुन्हा स्थिर राहावं. दोन चित्रांच्या मध्ये नाहीसं झाल्यास 'गायब' अशी नोंद होईल. वर्षअखेर पन्नास नोंदी भरल्या, तर कराराचा विचार होणार नाही.

मेंगकाकांच्या पुढ्यात टीव्ही नव्हता, त्यामुळे चित्र कधी निघतं ते कळायला मार्ग नव्हता. ते मोजू लागले. झाडू उचलायचा, एक, दोन, तीन, चार. एक फटकारा मारायचा, एक, दोन, तीन, चार. टोपी काढून कोणाला अभिवादन केलं तर टोपी हातात आणि कंबर वाकलेली ठेवून चार मोजायचे. समोरचा तोवर लिफ्टमध्ये शिरलेला असे. आमच्या घरी सगळे कॉम्प्युटरपुढे बसून पोट धरधरून हसलो. माझ्या बायकोने तर तिच्या माहेरी फोन करून पासवर्ड सांगितला.

कायदा सर्वांना सारखा हवा म्हणून रहिवाशांनाही दाराशी चार सेकंद थांबून वर बघण्याची विनंती करण्यात आली. यातून काही घरगुती प्रश्न उद्भवले. ९०५ चे गृहस्थ रात्री जेवायला बसले असता त्यांच्या पत्नीने, नोंदीनुसार ते अजून आलेलेच नाहीत, असं दाखवून दिलं आणि वाढलेलं ताट उचललं. उणे अकरा अंशात थांबून अध्यक्षांना सर्दी झाली, तेव्हा आठवड्याच्या आत रहिवाशांना सूट मिळाली. शिवाय बहुतेक जण तळघरातल्या पार्किंगमधूनच लिफ्टने वर येतात. नियम पहारेकरी आणि बाहेरची माणसं यांच्यापुरता उरला.

बाहेरच्या माणसांत एकटा सोक काही केल्या थांबेना. सोकचं कोपऱ्यावर काळ्या नूडल्सचं दुकान आहे, पन्नाशीचा माणूस, स्वतःच स्कूटरवर वाट्या पोचवतो.

"सोकभाऊ, वर बघून चार सेकंद थांबायचं असतं," मी त्याला एकदा अडवून सांगितलं.

"सेक्रेटरी, फुगलेल्या नूडल्स तुम्ही खाणार का? मी थांबतो, पण मग वाटीत गिऱ्हाइकाला लापशी मिळेल. चित्र हवं असेल तर घरी या, लग्नाचा अल्बम दाखवतो."

त्याच्या नावावर दंडाच्या एकोणतीस नोटिसा जमल्या. तो त्या वाट्यांखाली घालायचा.

डिसेंबर लागला तशी सुट्टीवरची मुलंही बघू लागली आणि चित्र जड झालं. चार सेकंदांचे नऊ झाले, नऊचे पंधरा. प्रत्येक बदल घरोघरीच्या भिंतीवरच्या कर्ण्यातून जाहीर झाला. गिलला बोलावलं.

"चित्रात बारीकसारीक फार आहे," तो म्हणाला. "बारकावे जितके जास्त, तितकं चित्र जड. पेटीला सपाट गोष्टी आवडतात."

मंडळाने पेटीची आवड मनावर घेतली. फुलाफुलांचे आणि चौकटीचे कपडे घालून फाटकातून येऊ नये असं आवाहन झालं. कचऱ्याच्या कोपऱ्यातली विटांची भिंत राखाडी रंगवली. जिंकगोच्या बारीक फांद्या छाटल्या. मेंगकाकांचा विणलेला मफलर काढून घेऊन त्यांना सपाट कापडाचा एक तुकडा देण्यात आला. या सगळ्याने चित्र पंधराचं चौदावर आलं आणि ख्रिसमसच्या आदल्या दिवशी बर्फ पडला.

अध्यक्षांनी स्वतः मला फोन केला. त्यांचा आवाज भरून आला होता. "सचिव, बघताय का? बर्फ साचलाय आणि चित्र अकरावर आलंय. सगळं कसं पांढरंशुभ्र, सपाट."

तेवढ्यात पडद्यावर मेंगकाका झाडू घेऊन आले. पुढच्या चित्रात त्यांनी वाट झाडायला घेतली होती, त्यापुढच्या चित्रात झाडलेल्या जागी वाळू टाकली होती. वाळू म्हणजे कणन् कण बारकावा. चित्र सोळावर गेलं. आम्ही दोघं धावत खाली उतरलो. धावत खाली उतरणं आम्हाला जमत नाही असं कोणी म्हणू नये.

"बर्फाला हात लावायचा नाही," अध्यक्ष म्हणाले. "वाळू तर अजिबात नाही."

"साहेब, उद्या याची काच होईल. माणूस घसरेल."

"रहिवासी तळघरातून येतात."

"मी फाटकातनं येतो."

"तुम्ही तसेही जागा सोडू नये अशीच अपेक्षा आहे," अध्यक्ष म्हणाले आणि शिंकले.

ते वर गेल्यावर मेंगकाकांनी मला थांबवलं. बोलण्याआधी त्यांनी चार मोजले, ओठ हलताना मला दिसले.

"सेक्रेटरीसाहेब, करार होईल ना?"

"नोंदी किती झाल्या?"

"सत्तेचाळीस. हल्ली फार काळजी घेतो, तरी पडतातच. कुठं चुकतं कळत नाही."

"पन्नासच्या आत ठेवा. मग मी बोलतो."

"बोला हं. बायकोला सांगून ठेवलंय मी, होईल म्हणून."

मी बोललो असतो. हे मी आजही म्हणतो.

सव्वीस तारखेला सर्दीमुळे मी घरीच होतो. अध्यक्षांची सर्दी तोवर मंडळभर झाली होती. दुपारी दोन वाजून सेहेचाळीस मिनिटांच्या चित्रात मेंगकाका फाटकाजवळ आडवे झालेले दिसले, एक पाय वेडावाकडा. पुढचं चित्र तेच. त्यापुढचंही तेच. दहा मिनिटांनीही तेच चित्र पाहिल्यावर कोणत्याही सुज्ञ माणसाच्या मनात जो विचार येईल तोच माझ्या मनात आला. मी व्यवस्थापन कार्यालयाला फोन लावला.

"चित्र अडकलंय," मी म्हणालो.

"हो साहेब, तुमचा नववा फोन," तिथली कारकून बाई म्हणाली. "७०१ च्या ताईंनी तर दोनदा केला."

भिंतीवरचा कर्णा बोलला: 'फाटकाच्या चित्रात तांत्रिक बिघाड आहे. पेटी बंद करून पुन्हा सुरू करण्यात येत आहे. रहिवाशांनी धीर धरावा.' आम्ही धीर धरला. पेटी सुरू झाली, चित्र तेच. पुन्हा बंद, पुन्हा सुरू, तेच. गिलला फोन गेला तेव्हा तोही चक्रावला.

"चित्र अडकलंय पण कोपऱ्यातलं घड्याळ चालतंय? असा बिघाड मी आजवर पाहिला नाही. तिसऱ्यांदा बंद करा, आणि या वेळी चांगली पाच मिनिटं बंद ठेवा."

माझ्या खोलीच्या खिडकीतून फाटक दिसतं. पडदा सरकवला की झालं. पण खिडकीत घड्याळ नसतं आणि तिच्यात पाहिलेल्याची नोंद राहत नाही. शिवाय माझी पाठ तिच्याकडे होती.

तीन वाजून एकतीस मिनिटांनी पेटी तिसऱ्यांदा बंद झाली. त्याच वेळी सोक रिकाम्या वाट्या गोळा करायला आला. नेहमीप्रमाणे वर न बघता, न थांबता तो थेट मेंगकाकांपाशी गेला, अंगावरचं जाकीट त्यांच्यावर घातलं आणि रुग्णवाहिकेला फोन केला. रुग्णवाहिकेचं ठाणं पलीकडच्या चौकातच आहे. तिने दोघांनाही चार मिनिटांत नेलं. पेटी सुरू झाली तेव्हा फाटकावर पांढराशुभ्र, सपाट बर्फ होता आणि माणूस नव्हता.

"सुटलं एकदाचं," कर्ण्यातून कोणीतरी म्हणालं.

दोन दिवसांनी मी पेअर फळांचा खोका घेऊन रुग्णालयात गेलो. मेंगकाकांचं खुब्याचं हाड मोडलं होतं. मला पाहून ते उठू लागले आणि उठता येत नाही म्हणून माफी मागू लागले. त्यांच्या बायकोने खोका घेतला, माझ्याकडे पाहिलं आणि पाणी आणायला निघून गेली.

"हात तरी वर करायचा, काका," मी म्हणालो. "कोणाला कळणार कसं?"

"केला की. तीन-चारदा केला." त्यांनी पांघरुणाखालून हात काढून वर धरला. "असा. एक, दोन, तीन, चार. मग दुखायचं म्हणून खाली घ्यायचो. बराच वेळ दम खाऊन पुन्हा वर, पुन्हा चार. म्हटलं, चार मोजले म्हणजे एक तरी चित्र निघणारच. निघालं असेल ना साहेब एखादं?"

चित्र तेव्हा पंधरा सेकंदांनी निघत होतं. हे तीनशे बारा घरांना जाहीर झालं होतं. केबिनमध्ये कर्णा नाही.

मी त्यांना हे सांगितलं नाही. "बघतो," म्हणालो, आणि बाहेर जिन्यात बराच वेळ बसून राहिलो. मला माझी लाज वाटली. ती कोणत्या रकान्यात लिहायची ते मला अजून सापडलेलं नाही.

एकतीस तारखेला सभा झाली. सोकला जाकिटाबद्दल आभाराचं पत्र आणि न थांबल्याबद्दल तिसावी नोटीस, असं एकाच पाकिटातून पाठवायचं ठरलं. मग अध्यक्षांनी नोंदवही उघडली. नियमानुसार प्रत्येक रिकाम्या चित्राची एक नोंद. पहारेकरी पाच दिवस गैरहजर, दर पंधरा सेकंदांनी एक चित्र, एकूण नोंदी अठ्ठावीस हजार आठशे, अधिक आधीच्या सत्तेचाळीस.

"पन्नासच्या आत बसवायला मला फार आवडलं असतं," अध्यक्ष म्हणाले. त्यांना खरंच वाईट वाटत होतं. "सचिव, तुम्हाला काही बोलायचं होतं ना?"

मला सर्दी होती. मी मान हलवली आणि ती अनुमोदन म्हणून मोजली गेली.

सभा संपण्याआधी यूनाच्या आई उठल्या. डोळे पुसत म्हणाल्या, "माणूस पडलाय हे कळलं असतं, तर मी अनवाणी धावत गेले असते." सगळ्यांनाच भरून आलं. सगळेच गेले असते. ही भावना वाया जाऊ नये म्हणून मी एक तक्ता आखला, 'कळलं असतं तर खाली उतरले असते अशा कुटुंबांची यादी', आणि तो घरोघर फिरवला. एकाही दारातून नकार आला नाही. तीनशे अकरा सह्या झाल्या. तिसऱ्या इमारतीतलं एक घर रिकामं आहे, म्हणून शेवटची ओळ तेवढी कोरी राहिली.

कोबी हरवले तेव्हापासून तुम्हीही इथवर आमच्याबरोबर बघतच आलात, आणि झाडूच्या वेळी बहुधा हसलाही असाल. तुम्ही खाली उतरला असता याविषयी माझ्या मनात शंका नाही. नाव सांगा, त्या कोऱ्या ओळीवर लिहून घेतो.